बॉल द्यायचा की बॅट? बेब रुथ आणि बॉस्टन रेड सॉक्स, १९१४ ते १९१९

बेब रुथ म्हटलं की ७१४ होम रन (एका फटक्यात मैदानाचा पूर्ण फेरा मारून काढलेली धाव). ज्याला बेसबॉलमधलं ओ की ठो कळत नाही त्यानेही हे नाव ऐकलेलं असतं, आणि ऐकलेलं असतं ते तडाखेबंद फलंदाज म्हणून. पण बॉस्टन रेड सॉक्स या संघाने १९१४ साली त्याला विकत घेतलं ते त्याच्या डाव्या हाताच्या पिचिंगसाठी, म्हणजे बॅटरला बॉल टाकण्यासाठी. पिचर म्हणून त्याने कारकिर्दीत ९४ सामने जिंकले, ४६ हरले, आणि दर नऊ इनिंगांमागे, म्हणजे एका पूर्ण सामन्यामागे, सरासरी २.२८ धावा दिल्या. बॅटला कधी हात लावला नसता तरी एक उत्तम डावखुरा पिचर म्हणून जाणकारांनी त्याची आठवण ठेवली असती.

मग त्याला पिचिंगपासून दूर कुणी केलं, केव्हा केलं, आणि ते करताना त्यांच्या हातात कोणती माहिती होती? बहुतेक ठिकाणी ही गोष्ट ‘एका हुशार मॅनेजरने हिरा ओळखला’ अशी दोन ओळींत उरकतात. कागदावरची हकीकत बरीच वेगळी आहे, आणि खेळाडू घडवणाऱ्यांनी ती सावकाश वाचण्यासारखी आहे.

पार्श्वभूमी

जॉर्ज हर्मन रुथचा जन्म ६ फेब्रुवारी १८९५ चा, बाल्टिमोरमधला. वडिलांचा दारूचा गुत्ता होता. पोरगा हाताबाहेर जातोय म्हणून सातव्या वर्षी त्याला सेंट मेरीज इंडस्ट्रियल स्कूलमध्ये घातलं. अनाथ आणि ‘वाया गेलेल्या’ मुलांची ही शाळा कॅथलिक ब्रदर चालवत. तिथले धिप्पाड ब्रदर मथायस हे रुथच्या आयुष्यातले पहिले खरे गुरू.

शाळेत तो कॅचर होता, म्हणजे पिचरने टाकलेला बॉल मागे बसून झेलणारा. डावखुरा कॅचर तेव्हाही दुर्मीळ. शाळेत डावखुऱ्यासाठी वेगळा ग्लव्ह कुठून असणार? उजव्या हाताने फेकणाऱ्यासाठी शिवलेला ग्लव्हच तो डाव्या हातात चढवायचा, बॉल झेलायचा, झटक्यात ग्लव्ह काढून टाकायचा आणि त्याच डाव्या हाताने फेकायचा. ही कसरत बघितली की त्या हातातली ताकद आणि सहजता सांगायला दुसरा पुरावा लागत नाही. पिचिंगकडे तो वळला त्याचीही एक गोष्ट सांगतात. शाळेच्या एका पिचरची धुलाई चालली होती आणि रुथ त्याला हसत सुटला. ब्रदर मथायसांनी त्यालाच बॉल दिला: एवढं सोपं वाटतं तर टाकून दाखव.

फेब्रुवारी १९१४ मध्ये बाल्टिमोर ओरिओल्सचे मालक जॅक डन यांनी त्याला हंगामाला ६०० डॉलरवर घेतलं. ओरिओल्स तेव्हा दुय्यम पातळीवरच्या इंटरनॅशनल लीगमध्ये खेळत. डनच्या या नव्या पोराला संघातल्यांनी ‘बेब’ म्हणायला सुरुवात केली आणि ते नाव चिकटलं. त्याच वर्षी नव्या फेडरल लीगचा संघ समोरच्याच मैदानावर आला, प्रेक्षक तिकडे गेले, आणि पैशाची तंगी झालेल्या डननी जुलैमध्ये आपले चांगले खेळाडू विकायला काढले. रुथ, अर्नी शोर आणि बेन ईगन हे तिघे बॉस्टनला गेले. ११ जुलै १९१४ ला फेनवे पार्कवर क्लीव्हलँडविरुद्ध पहिलाच सामना रुथने ४–३ असा जिंकून दिला. तेव्हा तो १९ वर्षांचा होता.

पेच नेमका काय होता

क्रिकेटवर वाढलेल्या वाचकाला इथे एक गोष्ट सांगायला हवी, नाहीतर सगळंच प्रकरण निसटेल. आपल्याकडे बोलर बॅटिंगही करू लागला तर संघाचा फायदाच होतो. वेलिंग्टनला १९८१ साली दहाव्या क्रमांकावर उतरलेला रवी शास्त्री पुढे कसोटीत सलामीला गेला, त्यासाठी त्याला बोलिंग सोडावी लागली नाही. बेसबॉलमध्ये तसं सहज जमत नाही. लीगचे सामने जवळजवळ रोज असतात. पिचर एका सामन्यात शंभरेक वेळा जोरात बॉल फेकतो, आणि मग त्याच्या हाताला काही दिवस विश्रांती लागते. त्या काळी पिचर आपल्या सामन्यात नवव्या क्रमांकावर बॅटिंग करायचा आणि बाकीचे दिवस बाकावर बसायचा. म्हणजे रुथ पिचर असेल तर त्याची बॅटही चारातले तीन दिवस बाकावर.

१९१५ साली, पहिल्या पूर्ण हंगामात, रुथने १८ सामने जिंकले आणि ८ हरले. बॅट हातात आली फक्त ९२ वेळा, तरी त्यात ४ होम रन. आज हा आकडा किरकोळ वाटेल, पण त्या वर्षी बॉस्टन ज्यात खेळे त्या अमेरिकन लीगमध्ये सर्वांत जास्त होम रन करणाऱ्याचे होते ७! म्हणजे पुरावा पहिल्याच वर्षी समोर होता.

पण दुसऱ्या पारड्यातला पुरावाही भक्कम होता. १९१६ मध्ये रुथ २३ सामने जिंकला, १२ हरला, आणि त्याची १.७५ ही सरासरी लीगमध्ये सर्वोत्तम ठरली. नऊ सामन्यांत त्याने प्रतिस्पर्ध्याला एकही धाव करू दिली नाही. अमेरिकन लीगमधल्या डावखुऱ्या पिचरचा हा एका हंगामाचा विक्रम १९७८ मध्ये रॉन गिड्रीने गाठला, पण ओलांडला नाही. ३२३ हून जास्त इनिंग टाकून त्या वर्षी त्याने एकही होम रन दिला नाही. वॉल्टर जॉन्सन हा त्या काळातला सर्वांत धास्तीचा पिचर. ऑगस्टमध्ये त्याच्याविरुद्ध रुथने १३ इनिंगांचा सामना १–० असा काढला.

त्याच वर्षीचा वर्ल्ड सिरीजचा, म्हणजे दोन मोठ्या लीगच्या विजेत्यांमधल्या अंतिम मालिकेचा, दुसरा सामना तर मुद्दाम सांगायला हवा. ९ ऑक्टोबर १९१६, बॉस्टन, समोर ब्रुकलिनचा संघ. पहिल्याच इनिंगमध्ये हाय मायर्सने मारलेला बॉल क्षेत्ररक्षकांना चुकवून लांब गेला आणि तो धावत धावत होम रन पुरा करून आला. ब्रुकलिन १–०. तिसऱ्या इनिंगमध्ये रुथने स्वतः बाद होता होता एक धाव काढून दिली, बरोबरी झाली. मग दोन्ही पिचर अडून बसले. ब्रुकलिनचा शेरी स्मिथही डावखुरा, तोही सोडेना. नऊ झाल्या, दहा झाल्या, बारा झाल्या. ऑक्टोबरचा दिवस, उजेड उतरत चाललेला, आणि रुथ अजून टाकतोच आहे. चौदाव्या इनिंगमध्ये बॉस्टनच्या डेल गेनरने बदली म्हणून येऊन फटका मारला आणि सामना २–१ ने जिंकला. मायर्सच्या त्या एका धावेनंतर रुथने पुढच्या तेराहून जास्त इनिंगांत ब्रुकलिनला काही म्हणजे काही दिलं नव्हतं.

अशा माणसाच्या हातातून बॉल काढून घ्यायचा विचार कुठला मॅनेजर करेल?

बॅट मागे का पडली

१९१५ ते १९१७ या काळात त्याला रोज का खेळवलं नाही, या प्रश्नावर नंतरच्या लोकांनी बॉस्टनला फार हसून घेतलं. मला ते हसणं पटत नाही. त्या घडीला कारणं खरी होती.

बॉस्टनच्या आउटफिल्डमध्ये, म्हणजे मैदानाच्या लांबच्या भागात उभ्या राहणाऱ्या तीन क्षेत्ररक्षकांत, जागाच नव्हती. ट्रिस स्पीकर, डफी लुईस आणि हॅरी हूपर या त्रिकुटाची गणना तेव्हाच्या सर्वोत्तम आउटफिल्डमध्ये होत असे. १९१६ मध्ये पगाराच्या वादातून स्पीकर क्लीव्हलँडला विकला गेला, तरी संघाने पुन्हा वर्ल्ड सिरीज जिंकली. जिंकणाऱ्या संघाची घडी कोण मोडतो? शिवाय तेव्हाचा बॉल मऊ असायचा, एकच बॉल मळेपर्यंत, काळा पडेपर्यंत वापरायचा, पिचर त्याला थुंकी लावायचे, ओरखडे काढायचे. असा बॉल लांब जात नाही. त्यामुळे एकेक धाव हिकमतीने मिळवायची, आणि धावा अडवणारा पिचर हेच संघाचं भांडवल, असा सगळ्यांचा हिशेब होता. होम रनवर संघ उभा करता येतो हे तोवर कुणी करून दाखवलंच नव्हतं.

१९१७ मध्येही रुथचा हात चाललाच होता: २४ विजय, १३ पराभव, सरासरी २.०१, आणि ३५ सामने पहिल्या बॉलपासून शेवटच्या बॉलपर्यंत एकट्याने टाकलेले. बॅटने .३२५, म्हणजे शंभरात साधारण ३२ वेळा यशस्वी फटका (हिट). पण स्वभावातली खळबळही दिसायला लागली होती. २३ जूनला वॉशिंग्टनच्या पहिल्याच बॅटरला ‘वॉक’ (चार बॉल चुकीचे पडल्याने फुकट मिळणारा पहिला बेस, म्हणजे धावेच्या फेऱ्यातला पहिला टप्पा) दिल्यावर पंच ब्रिक ओवेन्सशी त्याची जुंपली, पंचाने त्याला बाहेर काढलं, आणि बाहेर जाण्याआधी रुथने पंचावर हात टाकला. त्याच्याऐवजी आलेल्या अर्नी शोरच्या पहिल्या बॅटरच्या वेळी वॉकवर गेलेला माणूस पुढचा बेस चोरायला जाऊन बाद झाला, आणि मग शोरने उरलेल्या २६ जणांना ओळीने परत पाठवलं. रुथला १०० डॉलर दंड आणि काही दिवसांची बंदी. चारातले तीन दिवस बसून राहणाऱ्या बावीस वर्षांच्या, अंगात वारं शिरलेल्या पोराचं हे चित्र मला तरी त्याच्या पिचिंगच्या आकड्यांइतकंच बोलकं वाटतं.

युद्धाने उघडलेली जागा

१९१७ मध्ये अमेरिका पहिल्या महायुद्धात उतरली आणि १९१८ च्या हंगामाआधी संघ रिकामे व्हायला लागले. बॉस्टनचा डफी लुईस नौदलात गेला, मॅनेजर जॅक बॅरीही गेला. मालक हॅरी फ्रेझी यांनी मॅनेजर म्हणून एड बॅरो यांना आणलं. बॅरो इंटरनॅशनल लीगचे अध्यक्ष राहिलेले, करड्या शिस्तीचे, पण स्वतः मोठे खेळाडू नव्हते. मैदानावरच्या डावपेचांसाठी ते कप्तान हॅरी हूपरचं ऐकत.

सराव शिबिर आर्कान्सामधल्या हॉट स्प्रिंग्सला होतं. १७ मार्चला माणसं कमी पडली म्हणून रुथला पहिल्या बेसवर उभं केलं, आणि त्याने मारलेला एक बॉल कुंपण आणि रस्ता ओलांडून समोरच्या मगरपालन केंद्रात जाऊन पडला. बघायला आलेल्या विरोधी संघाच्या चाहत्यांनीही टाळ्या वाजवल्या म्हणतात.

हूपरचं म्हणणं सरळ होतं. रुथ पिचिंग करतो त्या दिवशी गर्दी होते ती त्याच्या बॅटिंगसाठी. मग त्याला रोज खेळवा. बॅरोंचं उत्तरही सरळ होतं. लीगमधल्या सर्वोत्तम डावखुऱ्या पिचरला आउटफिल्डमध्ये उभं केलं तर लोक मला वेड्यात काढतील.

समोर असलेले पर्याय

बॅरोंसमोर तीन वाटा होत्या. पहिली, जसं चाललंय तसं: रुथ पिचर, बाकीचे दिवस फार तर बदली बॅटर. यात २० च्या वर विजयांची जवळजवळ हमी होती. दुसरी, पिचिंग पूर्ण सोडवून त्याला रोज खेळवायचं. यात मोठा डाव होता, पण २० विजय देणारा दुसरा डावखुरा बाजारात मिळत नाही. आणि ऐन युद्धकाळात बॅटर मिळत नव्हते तसे पिचरही मिळत नव्हते.

तिसरी वाट म्हणजे दोन्ही करून घ्यायचं: पाळी आली की पिचिंग, इतर दिवशी फर्स्ट बेस किंवा लेफ्ट फील्ड (आउटफिल्डची डावी बाजू). कागदावर ही सगळ्यांत आकर्षक. एका पगारात दोन खेळाडू! तिची किंमत मात्र एकाच माणसाच्या अंगातून वसूल होणार होती, आणि ती किंमत कोण मोजणार याची चर्चा कुणी केली नाही. माझ्या मते या प्रकरणातली खरी चूक इथे आहे.

काय केलं: मे ते सप्टेंबर १९१८

निर्णय झाला तो असा बैठकीत बसून झालाच नाही. पहिल्या बेसवरचा डिक हॉब्लिट्झेल जायबंदी झाला, आणि ६ मे १९१८ ला न्यू यॉर्कच्या पोलो ग्राउंड्सवर रुथ पहिल्यांदा पिचर सोडून दुसऱ्या जागेवर लीगचा सामना खेळला. सहाव्या क्रमांकावर आला, होम रन मारला. दुसऱ्या दिवशी वॉशिंग्टनला खुद्द वॉल्टर जॉन्सनला होम रन मारला.

मग आला ९ मे. या दिवशी रुथ पिचरही होता आणि चौथ्या क्रमांकाचा बॅटरही, म्हणजे संघाच्या मुख्य फटकेबाजाच्या जागेवर. पाच वेळा बॅटिंगला आला, पाचही वेळा हिट: तीन डबल (दोन बेस गाठून देणारे फटके), एक ट्रिपल (तीन बेस), एक सिंगल (एक बेस). आणि पिचर म्हणून तोच सामना दहाव्या इनिंगमध्ये ४–३ ने हरला. दोन्ही कामं एका माणसाला दिली की एका दिवसात काय काय होऊ शकतं, ते त्या स्कोअरकार्डवर सगळं आहे.

मेच्या उत्तरार्धात घशाच्या आजाराने तो रुग्णालयात पडला. बरा होऊन आल्यावर त्याने पिचिंगला नकार द्यायला सुरुवात केली. मनगट दुखतंय म्हणाला, मनगटाला चामडी पट्टा बांधून फिरू लागला. बॅरोंना ते सोंग वाटलं. तेवढ्यात दुसरा डावखुरा पिचर डच लेनर्ड संघ सोडून जहाजबांधणीच्या गोदीत कामाला गेला. गोदीत काम केलं की सैन्यभरतीतून सूट मिळे, आणि गोद्यांचे स्वतःचे बेसबॉल संघ होते. आता बॅरोंना पिचर हवाच होता.

२ जुलैला वॉशिंग्टनमध्ये दोघांची कडाक्याची वादावादी झाली. रुथ तडक बाल्टिमोरला घरी गेला आणि पेनसिल्व्हेनियातल्या चेस्टरच्या गोदीतल्या संघाशी बोलणी करून बसला. फ्रेझी यांनी कोर्टात खेचण्याची धमकी दिली. ४ जुलैला रुथ परत आला. पुढचे दोन महिने त्याने ठरल्याप्रमाणे पिचिंग केलं, आणि मधल्या दिवशी लेफ्ट फील्डला उभा राहिला.

हंगाम युद्धामुळे सप्टेंबरच्या सुरुवातीलाच गुंडाळला. रुथचा हिशेब: पिचर म्हणून १३ विजय, ७ पराभव, सरासरी २.२२, बॅटर म्हणून .३०० आणि ११ होम रन, लीगमध्ये बरोबरीने पहिला क्रमांक. बॉस्टनच्या सगळ्या संघाचे मिळून होम रन होते १५.

यानंतर बॅरोंनी जे केलं त्याची फारशी चर्चा होत नाही. शिकागो कब्जविरुद्धच्या वर्ल्ड सिरीजमध्ये त्यांनी लीगच्या या होम रन-सम्राटाला जवळजवळ फक्त पिचर म्हणून वापरलं. कब्जचे प्रमुख पिचर डावखुरे होते, आणि रुथसारख्या डावखुऱ्या बॅटरला असा पिचर खेळणं जड जातं, म्हणून लेफ्ट फील्डला उजव्या हाताचा जॉर्ज व्हाइटमन. रुथच्या हातात बॅट आली ती सगळ्या सिरीजमध्ये पाच वेळा. पहिला सामना रुथने १–० असा काढला. चौथ्या सामन्याआधी रेल्वेगाडीत मस्ती करताना डाव्या हाताच्या बोटाला लागलं. बोट सुजलेलं, आयोडीन चोपडलेलं, अशा हाताने तो उतरला. बॉल नीट वळत नव्हता, वॉक जात होते, तरी आठव्या इनिंगपर्यंत धाव दिली नाही. बॅटने ट्रिपल मारून दोन धावाही मिळवून दिल्या. आठव्यात बरोबरी झाली, बॉस्टनने पुन्हा आघाडी घेतली. नवव्यात बोट साथ देईना तेव्हा बॅरोंनी जो बुशला बॉल दिला आणि रुथला मैदानाबाहेर न काढता लेफ्ट फील्डला पाठवलं. सामना ३–२ ने जिंकला.

१९१६ पासून वर्ल्ड सिरीजमध्ये सलग २९⅔ इनिंग धाव न देण्याचा विक्रम त्या दिवशी पुरा झाला. तो ४३ वर्षं टिकला. बॉस्टनने सिरीज ४–२ ने जिंकली, आणि सहा सामन्यांत त्यांच्या धावा किती? ९. बॅटिंगने जिंकलेली सिरीज ही नव्हेच. तेवढ्यापुरता बॅरोंचा जुना हिशेब बरोबर निघाला.

१९१९ आणि विक्री

दोन्ही कामं वर्षानुवर्षं चालू ठेवता येणार नाहीत, हे रुथने १९१८ मध्येच उघड बोलून दाखवलं होतं. तरुण आहे तोवर एखादा हंगाम निभावेल, पण दरवर्षी नाही, असं त्याचं म्हणणं होतं. १९१९ च्या आधी पगारावरून ताणाताणी झाली, शेवटी वर्षाला १०,००० डॉलर असा तीन वर्षांचा करार झाला. आदल्या वर्षी त्याला ७,००० मिळत होते.

हंगाम सुरू झाला तो आउटफिल्डर म्हणून, पण पिचिंग कोलमडलं तसा बॅरोंनी पुन्हा त्याच्याकडे बॉल दिला. अखेर ९ विजय, ५ पराभव, सरासरी २.९७. आणि बॅटने २९ होम रन. १८८४ पासूनचा नेड विल्यमसनचा २७ चा विक्रम मोडला. त्याच्या सगळ्या संघाचे होम रन होते ३३. संघ मात्र सहाव्या क्रमांकावर घसरला.

लोक हळहळतात की रुथने पिचिंग ऐन भरात सोडलं. मला त्याच्या स्ट्राइकआउटच्या, म्हणजे बॅटरला बॉल मारूच न देता बाद करण्याच्या, रकान्यात वेगळं दिसतं. १९१६ मध्ये १७०. १९१७ मध्ये जवळजवळ तेवढ्याच इनिंगांत १२८. १९१८ मध्ये १६६ इनिंगांत फक्त ४०. १९१९ मध्ये १३३ इनिंगांत ३०, आणि वॉक मात्र ५८. बॅटरला थेट चुकवण्याची त्याची ताकद दरवर्षी उतरत होती. विजयांचे आकडे बरे दिसत होते म्हणून ते झाकलं गेलं. याचं कारण दोन कामांची दमणूक, की आधीच्या दोन हंगामांत टाकलेल्या ६५० इनिंग? माझा कल दुसऱ्या कारणाकडे जास्त आहे, कारण उतरण १९१७ मध्येच सुरू झाली होती, रोज खेळायला लागण्याच्या आधी.

हंगामानंतर रुथने २०,००० डॉलर मागितले. करार मोडून दुप्पट मागणारा, शिस्त न मानणारा, पण गर्दी खेचणारा खेळाडू. फ्रेझी यांच्यावर कर्जाचा बोजा होता. डिसेंबर १९१९ अखेर त्यांनी रुथला एक लाख डॉलरला न्यू यॉर्क यँकीजला विकलं, शिवाय यँकीजच्या मालकांकडून कर्जही मिळवलं. जानेवारी १९२० मध्ये ते जाहीर झालं.

निर्णयांकडे परत बघताना

१९१८ चा निर्णय चांगला ठरला म्हणून तो शहाणपणाने घेतला होता असं मी म्हणणार नाही. हॉब्लिट्झेल धडधाकट असता, लुईस नौदलात गेला नसता, तर ६ मे उजाडलाच नसता. आणि पुढे १९२० पासून थुंकीचा बॉल बंद झाला. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये डोक्याला बॉल लागून क्लीव्हलँडचा रे चॅपमन गेला, तेव्हापासून मैदानावर स्वच्छ, पांढरा बॉल ठेवायची पद्धत रुळली. बॅटरची किंमत वाढली ती या सगळ्याने. १९१८ साली हे कुणाला दिसणं शक्यच नव्हतं. बॅरोंची शंका त्यांच्याकडच्या माहितीनुसार योग्य होती, आणि तरीही हूपरचं त्यांनी ऐकलं, हे त्यांच्या बाजूने मांडायला हवं.

वेगळं काय करता आलं असतं? पहिलं म्हणजे, मे १९१८ मध्येच रुथला समोर बसवून ठरवायला हवं होतं: आठवड्यात किती वेळा पिचिंग, त्यानंतर किती दिवस पूर्ण विश्रांती, आणि दोन कामांचा मोबदला काय. त्याऐवजी ज्या दिवशी जो खड्डा पडेल तो रुथने भरायचा असं चाललं. मनगटाचा चामडी पट्टा हे त्या न झालेल्या बोलण्याचंच फळ होतं. खेळाडू तोंडाने ‘मला हे करायचं नाही’ म्हणू शकत नाही तेव्हा त्याचं शरीर काहीतरी दुखणं काढतं. खरं की खोटं हा वाद घालत बसण्यात अर्थ नसतो.

दुसरं, स्ट्राइकआउटसारख्या आकड्यांकडे वेळेवर लक्ष गेलं असतं तर १९१९ च्या सुरुवातीलाच त्याला पिचिंगमधून मोकळा करता आला असता, आणि संघाने नवे पिचर शोधायला लागायला हवं होतं. रुथ आहेच की, या भरवशाने ते काम मागे पडलं. विक्रीबद्दल मी फ्रेझी यांना एकट्याला दोष देणार नाही, पण खेळाडूशी दोन वर्षं रोजच्या रोज घासाघीस केली की शेवटी त्याला विकणं हाच सोपा उपाय वाटू लागतो.

दोन्ही कामं खरोखर निभावता येतात का, याचं उत्तर मिळायला एक शतक लागलं. २०२२ मध्ये शोहेई ओहतानीने १६६ इनिंग टाकून १५ सामने जिंकले आणि ३४ होम रन मारले. रुथच्या १९१८ च्या इनिंगही तेवढ्याच, १६६ आणि वर एक तृतीयांश. फरक व्यवस्थेत आहे. ओहतानीला पिचिंगच्या मधल्या दिवशी आउटफिल्डमध्ये धावावं लागत नव्हतं. फक्त बॅटिंग करणाऱ्या खेळाडूचा नियम अमेरिकन लीगने १९७३ मध्ये आणला होता. आणि त्याच्या पिचिंगच्या दिवसांमध्ये रुथच्या वेळेपेक्षा जास्त अंतर राखलं जात होतं. ओहतानीसाठी ही घडी आधी विचार करून बसवली होती.

पुढे काय झालं

यँकीजने रुथला सरळ आउटफिल्डमध्ये उभं केलं. १९२० मध्ये ५४ होम रन, १९२१ मध्ये ५९, १९२७ मध्ये ६०. पिचिंग त्याने यँकीजसाठी पंधरा हंगामांत फक्त पाच वेळा केलं, आणि पाचही सामने जिंकले. १९६१ साली वर्ल्ड सिरीजमधला त्याचा सलग इनिंगांचा विक्रम व्हायटी फोर्डने मोडला. त्याच वर्षी रॉजर मॅरिसने ६० होम रनचाही मोडला. त्या दोन विक्रमांपैकी रुथला पिचिंगच्या विक्रमाचाच जास्त अभिमान होता असं म्हणतात.

त्या पाच सामन्यांपैकी शेवटचा १ ऑक्टोबर १९३३ चा. हंगामाचा शेवटचा दिवस, समोर बॉस्टनच. रुथ ३८ वर्षांचा, वजन वाढलेलं, पाय जड झालेले. नऊच्या नऊ इनिंग त्याने एकट्याने टाकल्या, बारा हिट खाल्ले, मध्ये स्वतः एक होम रन मारला, आणि सामना ६–५ ने जिंकला. त्यानंतरचे काही दिवस डावा हात वर उचलत नव्हता म्हणून तो उजव्या हाताने जेवत होता, असं सांगतात.